जपानचा दूधधंदा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जपानमध्ये दूध होतं तरी किती?

वर्षाला साधारण ७३ ते ७५ लाख टन. १९९६ साली हा आकडा ८६ लाख टनांच्या पुढे होता. त्यानंतर एकंदर उतरणच आहे. कालवडी धरून दुधाची जनावरं १३ लाखांच्या आसपास, आणि जवळजवळ सगळी होल्स्टीन, म्हणजे आपण जिला एचएफ म्हणतो ती. एका गाईचं वर्षाचं दूध ९,००० किलोच्या जवळ जातं. ३०५ दिवसांचं वेत (एकदा व्यायल्यावर दूध देण्याचा काळ) धरलं तर दिवसाला सरासरी २९ किलो. (जपानमध्ये कच्च्या दुधाचा हिशेब लिटरने नाही, किलोने होतो. पुढचे सगळे आकडे किलोतच वाचा.)

गोठे झपाट्याने बंद पडताहेत असं ऐकतो. खरं का?

खरं आहे, पण आकडा नीट वाचायला हवा. १९६३ साली सव्वाचार लाखांच्या जवळपास शेतकरी गाई पाळत होते; २०२४ च्या फेब्रुवारीत ११,९०० उरले. १९६३ चा शेतकरी भातशेतीच्या जोडीला दोन-तीन गाई बांधायचा. त्याने गाई विकल्या तेव्हा धंदा कोसळला नाही, त्या गाई शेजारच्या मोठ्या गोठ्यात गेल्या. आता एका गोठ्यात सरासरी ११० जनावरं आहेत.

काळजी आहे ती अलीकडच्या गळतीची. २०२२ मध्ये १३,३०० गोठे होते, दोन वर्षांत १,४०० कमी झाले. आता बंद होतो तो चाळीस-पन्नास गाईंचा, कर्ज काढून उभा केलेला गोठा. तो बंद झाला की गाई घ्यायला शेजारी पुढे येतोच असं नाही, कारण शेजाऱ्याचा खुराकही तेवढाच महागलेला असतो.

एकाच देशात कधी लोणी मिळत नाही आणि कधी दूध ओतून द्यायची वेळ येते, हे कसं?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच, आणि या धंद्याची किल्लीही इथेच आहे.

कच्चं दूध टिकत नाही, म्हणून ते कुठे वळवायचं याचा क्रम ठरलेला असतो. आधी पिण्याचं दूध, मग मलई आणि चीज, आणि सगळं भागल्यावर उरलेलं लोणी-भुकटीला. दूध थोडंसं कमी पडलं तर बाटलीतलं दूध कमी होत नाही. तो सगळा फटका शेवटच्या रांगेतल्या लोण्याला बसतो. दूध वाढलं की तेच उलट होतं आणि सगळा फुगवटा लोणी-भुकटीच्या कारखान्यांवर येतो. त्या कारखान्यांची दिवसाची क्षमता भरली की पुढचं दूध ठेवायला जागाच नाही.

दुसरी गोष्ट काळाची. आज रेतन केलं तर साडेनऊ महिन्यांनी वासरू. कालवड झाली तर ती चौदाव्या महिन्याच्या सुमाराला भरवायची आणि दोन वर्षांची होताना ती विते. म्हणजे ‘दूध वाढवा’ असं ठरवल्यापासून नवी गाय दुधात यायला जवळपास तीन वर्षं लागतात. मागणी मात्र तीन महिन्यांत फिरते.

२०१४ मध्ये नेमकं हेच घडलं. लोणी इतकं आटलं की दुकानांत ‘एका गिऱ्हाइकाला एकच पाकीट’ अशा पाट्या लागल्या. सरकारने दोन वेळा तातडीची आयात केली, आणि गोठे मोठे करायला अनुदान सुरू केलं. शेतकऱ्यांनी कर्जं काढली, लिंगनिर्धारित वीर्य (ज्यातून बहुतेक कालवडीच होतात) वापरून कालवडी वाढवल्या. त्या दुधात आल्या आणि २०२० च्या मार्चमध्ये कोरोनामुळे शाळा बंद झाल्या. शाळेच्या जेवणातलं २०० मिलीचं दूध थांबलं, हॉटेलं थांबली, पर्यटक थांबले. गाई थांबल्या नाहीत. डिसेंबर २०२१ मध्ये तर पंतप्रधान फुमिओ किशिदा यांनी पत्रकार परिषदेत लोकांना एक पेला दूध जास्त प्या म्हणून सांगितलं. त्या वेळी सुमारे ५,००० टन दूध वाया जाईल अशी धास्ती होती, ते टळलं. २००६ च्या मार्चमध्ये मात्र उत्तरेकडच्या होक्काइदो बेटावर दूध खरोखर टाकून द्यावं लागलं होतं.

मग जास्तीच्या दुधाचं लोणी करून ठेवलं की झालं, नाही का?

लोणी एकटं होत नाही. १०० किलो कच्च्या दुधातून साडेचार किलोच्या आसपास लोणी निघतं आणि त्याच दुधातून साडेआठ किलोच्या आसपास स्निग्धांश काढलेल्या दुधाची भुकटी. लोण्याला केक-बिस्किटवाल्यांचं गिऱ्हाईक आहे. भुकटीचं मोठं गिऱ्हाईक म्हणजे दही आणि दुधाची पेयं, आणि ती मागणी मंदावली. त्यामुळे एका बाजूला लोण्याची ओढ आणि दुसऱ्या बाजूला भुकटीची थप्पी, असं एकाच वेळी होतं. २०२२ च्या सुमाराला भुकटीचा साठा एक लाख टनांच्या आसपास पोचला होता. तो हलवायला शेतकरी, डेअऱ्या आणि सरकार यांनी मिळून पैसे घातले, आणि माणसांसाठी केलेली भुकटी स्वस्तात जनावरांच्या खाद्याला गेली. किलोला पदरचे पैसे घालून आपलंच दूध गुरांना परत चारायचं, यापेक्षा कडू हिशेब या धंद्यात दुसरा नसेल.

दूध महाग झालं, तरी शेतकरी तोट्यात कसा?

खुराक बोटीतून येतो म्हणून. मका अमेरिका-ब्राझीलमधून, अल्फाल्फा आणि टिमोथी गवताच्या गाठी अमेरिकेतून, ओटचं वाळलं गवत ऑस्ट्रेलियातून. धान्य-पेंडीच्या खुराकातला देशी वाटा जेमतेम १३ टक्के आहे. गवत-वैरणीचं स्वावलंबन बरं दिसतं, पण ते मुख्यतः होक्काइदोच्या गवताच्या जिवावर.

२०२० मध्ये मिश्र पशुखाद्य टनाला सुमारे ६७,००० येन होतं. २०२२ मध्ये युक्रेनचं युद्ध आणि घसरलेला येन यांनी ते लाखाच्या घरात नेलं. कागदावर मांडून पाहा: किलोमागे ३३ येन वाढ, गाईला दिवसाला १० किलो खाद्य, म्हणजे ३३० येन. गाय २८ किलो देत असेल तर दुधाच्या किलोमागे जवळपास १२ येन खर्च वाढला, आणि यात वाळलं गवत, वीज, डिझेल, खत काहीच धरलेलं नाही. पिण्याच्या दुधाचा खरेदीभाव वाढला तो नोव्हेंबर २०२२ मध्ये, १० येनांनी. मग ऑगस्ट २०२३ मध्ये आणखी १० येन. मधल्या काळात शेतकऱ्याने जे घातलं ते घरातून किंवा बँकेतून.

खाद्याच्या भाववाढीची भरपाई देणारा निधी आहे ना?

आहे. शेतकरी आणि खाद्य कारखाने एका निधीत पैसे भरतात, मोठी उसळी आली तर सरकारी पैशाचा दुसरा निधी उघडतो. पण भरपाई ठरते ती मागच्या एका वर्षाच्या सरासरी भावाशी तुलना करून. भाव चढत असताना हे चांगलं चालतं. भाव चढून वरच थांबला की वर्षभरात सरासरीही वर सरकते, फरक मिटतो आणि भरपाई शून्यावर येते, खाद्य मात्र महागच राहतं. २०२३ मध्ये हीच गाठ बसली आणि वेगळी खास तरतूद करावी लागली.

‘नुरेको’ म्हणजे काय? वासरांचे भाव इतके कसे पडले?

नुरेको म्हणजे शब्दशः ‘ओलं पोर’: नुकतं जन्मलेलं, एक-दोन आठवड्यांचं वासरू. होल्स्टीनचा गोऱ्हा दुधाच्या गोठ्याला उपयोगाचा नाही. तो मांसासाठी वाढवणाऱ्याला विकतात आणि त्या पैशावर महिन्याचे वरखर्च भागतात. बरा काळ असेल तर एका गोऱ्ह्याला लाख येनच्या आसपास मिळायचे. २०२२ च्या शरद ऋतूत होक्काइदोच्या बाजारात काही गोऱ्हे हजार येनच्या खाली गेले, काहींना बोलीच लागली नाही. वाढवणाऱ्याचंही खाद्य महागलं होतं. वीस महिने चारून पैसे सुटणार नसतील तर तो घेईल कशाला?

म्हणून आता रेतनाचं गणित बदललंय. चांगल्या गाईंना लिंगनिर्धारित वीर्य, म्हणजे हव्या तेवढ्या कालवडी मिळतात. उरलेल्यांना काळ्या वाग्यू (मांसासाठी पाळलेली जपानी जात) वळूचं वीर्य किंवा वाग्यूचा भ्रूण. संकरित किंवा शुद्ध वाग्यू वासराला भाव बरा येतो. यात एक खाच आहे: सगळ्यांनीच वाग्यूकडे धाव घेतली की तीन वर्षांनी दुधाला कालवडी कमी पडतात.

सरकारने गाई कमी करायला पैसे दिले, हे खरं?

हो. मार्च २०२३ पासून, ठरावीक मुदतीत कमी दुधाची गाय लवकर बाद करणाऱ्याला गाईमागे १,५०,००० येन. गोठे वाढवायला अनुदान दिल्याला दहा वर्षंही झाली नव्हती. दोन्ही निर्णय आपापल्या वर्षी समजण्यासारखे होते, पण गाईचं कॅलेंडर अंदाजपत्रकाच्या कॅलेंडरशी जुळत नाही.

होक्काइदोचं एवढं नाव का? बाकी जपानमध्ये दूध होत नाही?

होतं, पण देशातलं निम्म्याहून अधिक दूध एकट्या होक्काइदोचं आहे. थंड हवा, मोठी कुरणं, मुरघासासाठी (मुरवून साठवलेला हिरवा चारा) मक्याची शेतं. पूर्व टोकाच्या बेत्सुकाई गावात माणसं १५,००० च्या आत आणि गुरं लाखाच्या वर. बाकी देशात तोचिगी आणि कुमामोतो हे मोठे प्रांत. होक्काइदोत गोठ्यामागे दीडशेच्या वर जनावरं, बाकीकडे सत्तर-ऐंशी.

होक्काइदोबाहेरचा शेतकरी शहराजवळ असतो, म्हणून त्याचं दूध पिण्यासाठी जातं आणि जास्त भाव घेतं. पण त्याच्याकडे जमीन नाही, सगळी वैरण विकतची. होक्काइदोच्या शेतकऱ्याकडे गवत आहे, पण त्याचं बरंच दूध लोणी-भुकटी-चीजला कमी भावात जातं. त्यामुळे खाद्य महागलं की पहिला आधी मोडतो, भुकटीचा साठा वाढला की दुसरा.

उन्हाळा हे वेगळं दुखणं. होल्स्टीनला २५ अंशांच्या वर त्रास सुरू होतो. ती खाणं कमी करते, दूध आणि फॅट दोन्ही पडतात, गाभण राहत नाही. उन्हाळी सुटीनंतर शाळा पुन्हा सुरू होतात सप्टेंबरमध्ये, आणि गाई तेव्हा उन्हाने थकलेल्या असतात. म्हणून दुधाची ओढ सप्टेंबरात, आणि फुगवटा वसंतात व नववर्षाच्या सुटीत.

होक्काइदोचं दूध तोक्योपर्यंत कसं पोचतं?

धार सकाळी पाचच्या सुमाराला आणि संध्याकाळी. दूध नळीतून थेट बल्क कूलरमध्ये जातं आणि ४ अंशांपर्यंत गार होतं. टँकर रोज किंवा एक दिवसाआड येतो. चालक आधी वास, रंग आणि तापमान पाहतो, नमुना काढतो, मगच पाइप जोडतो. अल्कोहोल चाचणीत दूध फाटलं तर ते घेतलं जात नाही. दुधातल्या कायिक पेशींची संख्या मिलीला ३ लाखांच्या वर गेली, म्हणजे कळपात कासदाह (कासेची सूज) आहे, तर भावात कपात. प्रतिजैविकाचा अंश सापडला तर अख्खा टँकर जातो आणि भुर्दंड ज्याचं दूध त्याच्यावर. म्हणून औषध दिलेल्या गाईच्या पायाला रंगीत पट्टा बांधतात. बदली कामगार तो पाहायला विसरला की घात.

पुढे कुशिरो बंदरातून ‘होकुरेन मारू’ ही बोट दुधाचे टँकर ट्रेलरसकट घेऊन सुमारे २० तासांत तोक्योच्या उत्तरेला हिताची बंदरात उतरते. १९९३ पासून ही सेवा चालू आहे. समुद्र खवळला आणि बोट अडकली तर तोक्योच्या डेअऱ्यांची ओढाताण होते, आणि इकडे होक्काइदोतल्या टाक्या भरतात.

भाव कोण ठरवतं? शेतकरी थेट विकू शकत नाही का?

दूध गोळा करून विकणाऱ्या, सरकारने नेमलेल्या दहा संघटना देशात आहेत. होक्काइदोची होकुरेन ही सर्वांत मोठी. बहुतेक शेतकरी आपलं दूध आपापल्या भागातल्या संघटनेच्या हवाली करतात. ती मेइजी, मोरिनागा, मेगमिल्क स्नो ब्रँड, योत्सुबा अशा डेअऱ्यांशी वापराप्रमाणे वेगवेगळा भाव ठरवते, सगळा पैसा एकत्र करते आणि सरासरीने वाटते. कोणाचं दूध पेल्यात गेलं आणि कोणाचं भुकटीत, यावरून शेजाऱ्या-शेजाऱ्यांत फरक पडत नाही. लोणी, भुकटी, चीज अशा प्रक्रियेला गेलेल्या दुधाला सरकार ठरावीक मर्यादेपर्यंत वरून किलोला साधारण ११-१२ येन देतं. आपल्याकडे भाव पडला की लिटरमागे पाच-सात रुपयांचं अनुदान जाहीर होतं, तशी ही तात्पुरती मलमपट्टी नाही. १९६० च्या दशकापासूनची कायद्याने चालणारी व्यवस्था आहे.

२०१८ पासून संघटनेबाहेर विकणाऱ्यालाही हे पैसे मिळतात, आणि थोडं दूध संघटनेला, थोडं बाहेर असं वाटूनही देता येतं. स्वातंत्र्य चांगलंच. पण बाहेर विकणारा मागणीच्या दिवसांत पेल्याचा भाव घेतो आणि फुगवट्याच्या दिवसांत दूध परत संघटनेच्या दारात आणतो, अशी तक्रार आहे आणि ती निराधार नाही. साठा हलवायला घातलेले पैसे आत राहिलेल्यांचे, भाव टिकल्याचा फायदा सगळ्यांचा.

फॅटची अट तिथेही आहे?

आहे, आणि आकडाही ओळखीचाच: ३.५ टक्के. १९८७ मध्ये खरेदीची पायरी ३.२ वरून ३.५ वर नेली. परिणाम दूरगामी झाला. कोवळ्या हिरव्या कुरणावर चरणाऱ्या गाईचं फॅट उन्हाळ्यात या रेषेखाली येतं आणि भाव कापला जातो. म्हणून गाई कुरणातून गोठ्यात आल्या, वाळलं गवत आणि मका बाहेरून यायला लागला. दुधाच्या खोक्यावर हिरव्या माळावरची गाय असते. आतलं दूध बहुधा तिचं नसतं.

परदेशी लोणी-चीज सरळ का येऊ देत नाहीत?

चीज येतंच. युरोपीय संघाशी झालेल्या करारानुसार (फेब्रुवारी २०१९) चेडर, गौडासारख्या घट्ट चीजवरचा २९.८ टक्के कर टप्प्याटप्प्याने २०३३ पर्यंत शून्यावर जातोय. लोण्याचं तसं नाही: ठरलेल्या कोट्याबाहेर २९.८ टक्के आणि वर किलोला ९८५ येन. इतक्या करात कोणी आणणार नाही, हाच हेतू. कोट्यातलं बरंचसं सरकारी महामंडळामार्फत येतं.

जपानमध्ये राहतो. पनीर फाटत नाही, साय येत नाही. कोणतं दूध घ्यावं?

दूध खराब नाही, तापवण्याची पद्धत वेगळी आहे. जपानमधलं बहुतेक दूध १२० ते १३० अंशांवर दोन-तीन सेकंद तापवलेलं आणि एकजीव केलेलं असतं. फॅटचे कण बारीक फोडल्यामुळे साय धरत नाही, आणि जास्त उष्णतेने प्रथिनं बदलल्यामुळे चोथा भुसभुशीत, ओला राहतो. पनीरसाठी ‘तेइओन साक्किन’ लिहिलेलं, म्हणजे ६३-६५ अंशांवर ३० मिनिटं ठेवलेलं दूध शोधा. एकजीव न केलेलं मिळालं तर सायही येईल. एक लिटरला दोन मोठे चमचे लिंबाचा रस, आच बंद करून, थोडा थोडा. विरजणाला मात्र साधं दूध उत्तम. दही घट्ट लागतं.

खोक्यावर ‘ग्यून्यू’ असेल तर त्यात दुधाशिवाय काही नाही, फॅट किमान ३ टक्के. ‘काकोन्यू’त भुकटी-लोणी मिसळलेलं चालतं, ‘न्यूइनर्यो’त त्याहून बरंच काही. जपानी वाचता येत नसेल तर खोक्याच्या माथ्याची कड चाचपून पाहा. अर्धा लिटर आणि त्याहून मोठ्या ग्यून्यूच्या खोक्यांवर बहुतेक वेळा एका टोकाला अर्धगोल खाच असते. ती दृष्टिहीनांसाठी केलेली आहे. खाच शुद्ध दुधाची खूण, आणि उघडायची बाजू तिच्या विरुद्ध टोकाला.

जपानच्या दूधधंद्याचा भारताशी काही संबंध आहे का?

आहे, आणि तो मुळाशीच आहे. १७२८ च्या सुमाराला शोगुन (त्या काळचा लष्करी राज्यकर्ता) तोकुगावा योशिमुने याने भारतातून आलेल्या तीन पांढऱ्या गाई आजच्या चिबा प्रांतातल्या मिनेओका कुरणावर सोडल्या. त्यांचं दूध साखर घालून आटवायचे आणि वड्या करून औषध म्हणून द्यायचे. कृती वाचली की आपण म्हणू, हा तर पेढा. मिनेओकाला आज जपानी दूधधंद्याची जन्मभूमी म्हणतात. होल्स्टीन आणि अमेरिकी पद्धतीचे गोठे आले ते नंतर, मेइजी काळात (१८६८ ते १९१२).

वीज गेली तर काय होतं?

६ सप्टेंबर २०१८, पहाटे ३ वाजून ७ मिनिटं: भूकंप झाला आणि जवळजवळ सगळं होक्काइदो अंधारात गेलं, सकाळच्या धारेच्या दोन तास आधी. दूध न काढलेल्या कासेत दाब वाढतो, गाय हंबरते, मग कासदाह. ज्यांच्याकडे ट्रॅक्टरवर चालणारं जनित्र होतं त्यांनी धारा काढल्या, पण डेअऱ्याच बंद होत्या, त्यामुळे काढलेलं दूधही ओतावं लागलं. जनित्र घेऊन ठेवणाऱ्यांनी एक गोष्ट पाहावी: जोडणीचा बदलखटका (चेंजओव्हर स्विच) आधीच बसवून घ्यावा. ऐन वेळी तीन फेजांचा क्रम चुकला तर व्हॅक्यूम पंप उलटा फिरतो.

महाराष्ट्रातून तिथल्या गोठ्यावर कामाला जाता येतं का?

‘विशिष्ट कौशल्य’ व्हिसावर, हो. पशुपालनाची कौशल्य परीक्षा आणि जपानी भाषेची एन-४ किंवा तिच्या तोडीची परीक्षा लागते. पहिल्या पातळीवर एकूण पाच वर्षं, कुटुंब नेता येत नाही. काम म्हणजे पहाटेची धार, शेण काढणं, वासरांना दूध पाजणं, मुरघास टाकणं, संध्याकाळी पुन्हा धार. धार काढणारा यंत्रमानव असलेल्या गोठ्यातही माणूस लागतो: एक यंत्र साठेक गाई सांभाळतं, पण जी गाय स्वतःहून यंत्रात जात नाही तिला आणायला जावं लागतं. मुलाखतीत तीन गोष्टी आवर्जून विचारा: सुटी आठवड्याला किती, खोलीचं भाडं पगारातून किती कापणार, आणि हिवाळ्यात गोठ्यापर्यंत जायला गाडी आहे का. होक्काइदोच्या आतल्या भागात जानेवारीच्या पहाटे उणे २० ही नेहमीची गोष्ट आहे.